दळण, नांगर आणि बंदूक: इथिओपियाच्या मुक्तिलढ्यातल्या बायका

२८ मे १९९१ रोजी बंडखोरांच्या फौजा इथिओपियाच्या राजधानीत, अदिस अबाबात शिरल्या आणि सतरा वर्षांची लष्करी राजवट संपली. या फौजांचा कणा होती उत्तरेकडच्या तिग्राय प्रांतातली तिग्राय जनमुक्ती आघाडी. तिच्या लढवय्यांत स्त्रियांचं प्रमाण साधारण एक तृतीयांश होतं असं मानलं जातं. खांद्यावर कलाश्निकोव्ह, पायांत साध्या सपाता आणि वेण्या सोडून आखूड कापलेले केस अशी त्यांची छायाचित्रं जगभर छापली गेली.

छायाचित्रात बंदूक दिसते, पण त्या बाईचं दळण कोण दळत होतं हे दिसत नाही. हा लढा समजून घ्यायचा तर तोच प्रश्न धरून चालावं लागतं. जिथे रोजचं काम वाटून घेतलं गेलं तिथे बायका खरोखर बरोबरीने उभ्या राहिल्या. ती व्यवस्था मोडली तिथे बरोबरीही गेली, मग कायदा काहीही म्हणो.

आधीची दोन युद्धं

जुन्या इथिओपियात सैन्याला शिधा पुरवणारं वेगळं खातंच नव्हतं. शिपायाने आपला शिधा आपण आणायचा, आणि तो शिजवायला त्याच्यामागून बायकांनी चालायचं. वाटेत टिकेल असंच सामान बरोबर असे: भाजलेले जव, भाजक्या जवाचं पीठ, वाळवलेल्या इंजेराचे तुकडे, मिरची-मसाल्याची पूड. इंजेरा म्हणजे टेफ नावाच्या बारीक धान्याचं पीठ आंबवून केलेली मोठी, जाळीदार भाकरी. मुक्कामाला पोचल्यावर पुरुष पाठ टेकत आणि बायका दळायला बसत. तिथलं दळण आपल्यासारख्या गोल जात्यावर होत नसे. पाट्यासारख्या उतरत्या दगडावर धान्य घ्यायचं आणि दोन्ही हातांनी दुसरा दगड रेटायचा. एका कुटुंबापुरतं पीठ काढायलाही तासन् तास लागतात. १८९६ साली अद्वाच्या लढाईत इटलीचा पराभव झाला. त्या मोहिमेत सम्राज्ञी ताय्तू स्वतःचं सैन्य घेऊन उतरली होती. मेकेलेच्या किल्ल्यातल्या इटालियन शिबंदीचं पाणी तोडण्याची चाल तिचीच, असं इतिहासकार सांगतात. पण त्या मोहिमेचं पोट चालवलं ते हजारो अनाम दळणारणींनी.

३ ऑक्टोबर १९३५ रोजी इटलीने पुन्हा आक्रमण केलं. या वेळी विमानं होती आणि विषारी वायूही होता. ५ मे १९३६ रोजी अदिस अबाबा पडलं आणि पुढची पाच वर्षं डोंगरांत गनिमी लढा चालला. केबेदेच सेयूम यांचे पती अबेरा कासा यांना इटालियनांनी डिसेंबर १९३६ मध्ये ठार मारलं. त्यानंतर केबेदेच यांनी शेवा प्रांतात स्वतः तुकडी चालवली. लेकेलेश बायान तान्ह्या मुलीला पाठीशी बांधून लढल्या. शेवारेगेद गेदले यांना पकडून इटलीतल्या असिनारा बेटावर कैदेत ठेवलं होतं. सुटून आल्यावर त्यांनी अदिस आलेमच्या शस्त्रसाठ्यावर हल्ला घडवून आणला.

ही नावं टिकली, कारण बहुतेक जणी सरदार घराण्यातल्या किंवा त्यांच्या जवळच्या होत्या. काडतुसं, औषधं आणि बातम्या शहराबाहेर पोचवणाऱ्या बायकांचं जाळं याहून कितीतरी मोठं होतं. त्यांना ‘आतले देशभक्त’ म्हणत. धान्याच्या टोपलीखाली, कपड्यांच्या घडीत माल जाई. बाई बाजाराला निघाली आहे असं वाटे, म्हणून नाक्यावर झडती कमी. या कामाची नोंद कुठल्याही हजेरीपटात होत नाही, आणि युद्धानंतर मानसन्मान व जमिनी वाटताना हजेरीपटच पाहिला जातो. ही चूक पुढे पन्नास वर्षांनी पुन्हा झाली.

या युद्धाशी महाराष्ट्राचा थेट संबंध आहे. १९४१ साली इटालियनांना हटवायला आलेल्या सैन्यात भारतीय तुकड्या मोठ्या संख्येने होत्या. एरिट्रियातल्या केरेनच्या लढाईत मराठा लाइट इन्फंट्रीचे जवान लढले. खडकीच्या बॉम्बे सॅपर्सचे प्रेमिंद्र सिंह भगत यांनी सुदान-इथिओपिया सरहद्दीच्या पट्ट्यात सलग चार दिवस, ५५ मैलांच्या वाटेवरची १५ सुरुंगक्षेत्रं साफ केली आणि त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

मुली घर का सोडत होत्या

१९७४ साली सम्राट हैले सेलासी यांना हटवून ‘दर्ग’ ही लष्करी समिती सत्तेवर आली. पुढे मेंगिस्तू हैले मरियम तिचे सर्वेसर्वा झाले. १८ फेब्रुवारी १९७५ रोजी पश्चिम तिग्रायमधल्या देदेबित इथे मूठभर तरुणांनी तिग्राय जनमुक्ती आघाडी उभी केली. तिग्राय हा देशाच्या उत्तरेचा डोंगराळ, पावसावर जगणारा प्रांत. १९७७-७८ च्या ‘लाल दहशती’त शहरांतल्या विद्यार्थ्यांना रस्त्यांवर मारून टाकलं गेलं, आणि बंडखोर गटांकडे गेलेल्या पहिल्या मुली या शहरी शाळा-कॉलेजांतल्याच होत्या. खेड्यांतल्या मुली नंतर आल्या, आणि बऱ्याच वेगळ्या कारणांनी आल्या.

त्यातलं मोठं कारण लग्न. १९६० च्या दिवाणी संहितेनुसार मुलीच्या लग्नाचं वय १५ आणि मुलाचं १८ होतं, पण खेड्यांत त्याहून बऱ्याच लहान मुलींची लग्नं लागत. हुंडा मुलीच्या बापाने द्यायचा. त्याच संहितेने नवऱ्याला कुटुंबप्रमुख ठरवलं होतं. त्यातलं एक कलम वाचलं की अंगावर काटा येतो: नोकर ठेवण्याची नवऱ्याची ऐपत नसेल तर घरकाम बायकोने स्वतः केलंच पाहिजे. दळण, पाणी आणि लाकूडफाटा हे बाईचं कायदेशीर कर्तव्य होतं.

दुसरं कारण जमीन. ४ मार्च १९७५ च्या हुकमाने दर्गने सगळी शेतजमीन सरकारी केली आणि दर कुटुंबाला जास्तीत जास्त १० हेक्टरची मर्यादा घातली. हुकमात स्त्री-पुरुष असा भेद नव्हता. प्रत्यक्ष वाटप मात्र शेतकरी संघांमार्फत, कुटुंबप्रमुखाच्या नावाने झालं, आणि कुटुंबप्रमुख म्हणजे नवरा. घटस्फोट झाला की बाई रिकाम्या हाताने बाहेर पडे. तिग्रायमध्ये घटस्फोट काही विरळा नव्हता, त्यामुळे हा प्रश्न हजारो बायकांचा होता.

त्यात सैनिकांचे अत्याचार, अटका, १९८४-८५ चा भीषण दुष्काळ आणि दक्षिणेकडे सक्तीने हलवण्याची सरकारी मोहीम. घरी राहणं आघाडीत जाण्यापेक्षा सुरक्षित उरलं नव्हतं.

आघाडीत दिवस कसा चाले

भरती झालेल्या मुलीला ‘तेगादालित’ म्हणत. तिला काही महिन्यांचं प्रशिक्षण मिळे: डोंगर चढणं, बंदूक खोलून साफ करणं, नेमबाजी, राजकारणाचे धडे, आणि निरक्षर असेल तर तिग्रिन्या भाषेत लिहायला-वाचायला शिकणं. प्रशिक्षणात स्त्री-पुरुष एकत्र, कपडे सारखेच. खांद्यावरचं मोठं सुती उपरणं रात्री पांघरूण होई, उन्हात आडोसा होई आणि जखमी माणसाला उचलायला झोळीही होई.

खरा बदल स्वयंपाकात झाला. तुकडीत दळण, स्वयंपाक, पाणी आणि लाकडं पाळीपाळीने करायची. आज कमांडर असलेला पुरुषही उद्या चुलीपाशी. इथिओपियाच्या लष्करी इतिहासात हे कधी घडलं नव्हतं. १८९६ आणि १९३६ मध्ये बायका लढल्या त्या दळण सांभाळून लढल्या. इथे पहिल्यांदा ते ओझं वाटलं गेलं, आणि म्हणूनच बाईला रात्रीच्या मोर्चाला, शुश्रूषा शिकायला, नकाशा वाचायला वेळ मिळाला.

मासिक पाळी हाही पुरवठ्याचाच प्रश्न आहे. पाण्याची टंचाई, दिवसाला कित्येक तास चाल आणि कापडाची चणचण. कापड ओलं राहिलं तर जांघा सोलवटतात आणि संसर्ग होतो. म्हणजे एक लढणारं माणूस कमी. शेजारी स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या एरिट्रियन आघाडीने आपल्या तळावर सॅनिटरी पॅड बनवण्याची व्यवस्था उभी केली, ती याच हिशेबाने.

सगळ्यात कडक नियम लैंगिक संबंधांचा. सुरुवातीच्या वर्षांत लढवय्यांमध्ये असे संबंध पूर्ण बंद होते आणि शिक्षा अतिशय कठोर होती. यामागे दोन कारणं. पहिलं, गरोदर बाई डोंगरातल्या तुकडीबरोबर चालू शकत नाही आणि मागे ठेवायला सुरक्षित जागा नाही. दुसरं त्याहून महत्त्वाचं: गावातल्या आई-बापांचा विश्वास. मुली तिकडे जाऊन बिघडतात अशी कुजबूज सुरू झाली असती तर भरती थांबली असती आणि गावांचं धान्यही. या नियमाने मुलींना संरक्षण मिळालं, हे खरं आहे. माणसांवर त्याचा भयंकर जुलूम झाला, हेही तितकंच खरं. १९८० च्या दशकाच्या मध्यावर लग्नाला परवानगी मिळाली. मग मुलं झाली आणि ती सांभाळणं बहुतांशी बायकांकडे आलं. पाळीपाळीच्या व्यवस्थेला पहिली चीर इथे पडली.

त्याच सुमारास स्त्रियांची भरतीही आखडती घेतली गेली. गावांतून इतक्या मुली येऊ लागल्या की मागे शेती आणि घरं कोण चालवणार, असा प्रश्न उभा राहिला. बऱ्याच जणींना आघाडीवरच्या तुकड्यांतून काढून दवाखाने, शाळा, रेडिओ आणि पुरवठ्याकडे वळवण्यात आलं. स्त्रियांसाठी ‘मार्ता’ नावाची खास शाळा निघाली, तीही सुरुवातीच्या काळात मारल्या गेलेल्या एका लढवय्यीच्या नावाने. दवाखान्यातलं काम कमी धोक्याचं नव्हतं. दिवसा सरकारी विमानं फिरत, म्हणून शाळा, बाजार, सभा, सगळं रात्री भरे. हौझेन गावात २२ जून १९८८ रोजी भर बाजाराच्या दिवशी बॉम्ब पडले आणि दोन हजारांच्या आसपास माणसं मेली.

वरच्या फळीत मात्र स्त्रिया फारच थोड्या होत्या. आरेगाश अदाने यांच्यासारखी एखादी बाई केंद्रीय समितीपर्यंत पोचली. तळाला एक तृतीयांश आणि माथ्याला एखाद-दुसरी, हे प्रमाण १९९१ पर्यंत सुधारलं नाही. पुढच्या निराशेची बरीचशी मुळं इथेच आहेत.

नांगराशी अडलेली जमीन

या लढ्याचा सर्वात टिकाऊ बदल शेतात झाला. तो लढवय्यींपेक्षा गावात राहिलेल्या बायकांच्या जास्त कामी आला. मुक्त केलेल्या भागात ‘बाइतो’ नावाच्या निवडून आलेल्या गावसभा स्थापन झाल्या. त्यांत बायकांना मत होतं आणि जागाही होत्या. या सभांनी जमिनीचं फेरवाटप केलं. जमिनीची प्रतवारी करायची: चांगली, मध्यम, हलकी. प्रत्येकाला तिन्ही प्रतींचे तुकडे द्यायचे, आणि बाईचा वाटा बाईच्या नावाने. घटस्फोट झाला तरी तो तिच्याकडेच राहणार. हुंड्यावर आणि लहान मुलींच्या लग्नांवर याच सभांनी बंधनं घातली.

मग घोडं अडलं ते नांगरापाशी. टेफचं बी इतकं बारीक असतं की जमीन अगदी भुसभुशीत लागते. पेरणीआधी तीन ते पाच वेळा नांगरट करावी लागते, आणि तीही पावसाच्या मोजक्या दिवसांत. त्यासाठी बैलजोडी हवी आणि औत धरणारा माणूस हवा. बाईने नांगराला हात लावायचा नाही, अशी पक्की रूढी. बाई नांगरेल तर पाऊस जाईल, असं मानणारे लोक होते. परिणाम असा की जमीन बाईच्या नावावर, पण कसायला पुरुष शोधायचा. बैल नसतील तर जमीन अर्धेलीने द्यायची. जो बैल आणतो तो आधी स्वतःचं रान उरकतो, त्यामुळे तिच्या शेतावर पेरणी उशिरा होते, पीक कमी येतं, आणि त्यातलं निम्मं जातं.

आघाडीने यावर सरळ उपाय केला. बायकांना नांगर धरायला शिकवलं. काहींनी तो उत्तम चालवला, म्हणजे ताकदीचा प्रश्न नव्हताच. विरोध तीन बाजूंनी आला. पुजारी आणि वडीलधारे रूढी मोडली म्हणून चिडले. नवऱ्यांना आपला मान गेल्यासारखं वाटलं. तिसरा विरोध खुद्द बायकांचा होता, आणि तो सर्वात समजून घेण्यासारखा आहे. दिवसभर नांगर धरून घरी आल्यावर दळण, पाणी, लाकडं तशीच वाट पाहत असत. तुकडीत चुलीची पाळी वाटली गेली होती, गावात ती वाटली गेलीच नाही. एक काम वाढलं, एकही कमी झालं नाही. दुष्काळ आला, गावांचा पाठिंबा टिकवणं आघाडीला जास्त निकडीचं वाटलं आणि नांगराचा आग्रह सोडून देण्यात आला. गावात पिठाची गिरणी आधी आणि नांगर नंतर असा क्रम ठेवला असता तर बायकांनी तो धरून ठेवला असता, असं आमचं मत आहे.

युद्ध संपल्यावर

१९९१ नंतर फौजेची कपात सुरू झाली आणि १९९० च्या दशकात बहुसंख्य बायका सैन्यमुक्त झाल्या. नव्या सैन्यात आणि सरकारी खात्यांत पदासाठी शालेय शिक्षण मागितलं जाई. बारा-चौदाव्या वर्षी घर सोडलेल्या, डोंगरातच अक्षरओळख झालेल्या बाईकडे दाखला कुठून येणार? तिला सुईणपण येत होतं, जखमेवरचं काम येत होतं, तीसचाळीस माणसांची तुकडी चालवता येत होती. यांतल्या कशाचंही प्रमाणपत्र नव्हतं.

घरी परतल्यावर अडचण आणखी खोल. आखूड केस, मोठा आवाज, सभेत उठून बोलणं, हे गावाला सहन होईना. कितीतरी लढवय्यांनी आपल्या सहकारी बायकांना सोडून गावातल्या, केस राखलेल्या मुलींशी लग्नं केली. कुणाला जखमांमुळे मूल होत नव्हतं, कुणाचं वय उलटून गेलं होतं. आघाडीने कपडे, जेवण, दवापाणी, मुलांचं पाळणाघर हे सगळं इतकी वर्षं सामूहिक चालवलं होतं. फौज विसर्जित झाल्यावर ते सगळं एका दिवसात पुन्हा एकेका बाईच्या डोक्यावर आलं. गावोगावच्या स्त्री-संघटना स्वतंत्र म्हणवल्या गेल्या, पण आता सत्ताधारी पक्ष झालेल्या आघाडीच्या सावलीतून बाहेर पडल्या नाहीत. पक्षाने २००१ साली मतभेद असणाऱ्यांना बाहेर काढलं तेव्हा त्यांत आरेगाश अदानेही होत्या.

कायदे मात्र बदलले, आणि त्यांचं श्रेय निसंकोचपणे द्यायला हवं. १९९५ साली लागू झालेल्या घटनेच्या कलम ३५ मध्ये स्त्रियांना समान हक्क, जमीन व मालमत्तेवर हक्क, पगारी बाळंतपणाची रजा आणि आजवरच्या अन्यायाची भरपाई म्हणून विशेष तरतुदी दिल्या आहेत. कुटुंब कायदा बदलायला आणखी पाच वर्षं गेली. वकील मेआझा अशेनाफी आणि इथिओपियन महिला वकील संघटनेने त्यासाठी चिकाटीने जोर लावला. २००० च्या नव्या संहितेने मुलीच्या लग्नाचं वय १८ केलं आणि नवऱ्याचं कुटुंबप्रमुखपद काढून टाकलं. ही संहिता थेट लागू झाली ती केंद्राच्या ताब्यातल्या अदिस अबाबा आणि दिरे दावा या शहरांत. प्रांतांना आपापले कायदे वेगळे करावे लागले. २०१५ च्या निवडणुकीत संसदेच्या ५४७ पैकी २१२ जागांवर स्त्रिया होत्या. २०१८ साली मेआझा अशेनाफी सर्वोच्च न्यायालयाच्या प्रमुख झाल्या.

जमिनीची गोष्ट मात्र कागदावर फसली. तिग्राय प्रांताने १९९८ साली, देशात सर्वात आधी, जमिनीचे दाखले द्यायला सुरुवात केली. ते कुटुंबप्रमुखाच्या एकट्याच्या नावाने निघाले. विधवा आणि घटस्फोटित बायकांना त्याचा फायदा झाला, नांदत्या बायकांचं नाव मात्र कागदावर आलंच नाही. नंतर सुरुवात केलेल्या अम्हारा प्रांताने नवरा-बायको दोघांच्या नावाने दाखले दिले आणि त्यावर दोघांचे फोटो लावायची सोय केली. जिथे बायका जमिनीसाठी लढल्या होत्या, तिथेच फॉर्मवर एकाच नावाचा रकाना होता.

नोव्हेंबर २०२० मध्ये केंद्र सरकार आणि आघाडी यांच्यात तिग्रायमध्ये पुन्हा युद्ध पेटलं. २ नोव्हेंबर २०२२ रोजी प्रिटोरियात करार झाला. या दोन वर्षांत बायकांवर जे लैंगिक अत्याचार झाले त्यांची व्याप्ती हादरवून टाकणारी आहे. पुष्कळ तरुण मुली या अत्याचारांनंतर, युद्ध चालू असतानाच, बंदूक हाती घेऊन तिग्रायच्या फौजेत गेल्या. सैन्यमुक्तीचं काम तिथे नोव्हेंबर २०२४ मध्ये सुरू झालं. सात प्रांतांतले मिळून ३,७१,९७१ माजी लढवय्ये हे सरकारचं एकूण लक्ष्य आहे.

अशा कामात बायका कुठे गळतात हे आता नीट माहीत आहे. ‘बंदूक जमा करा, भत्ता घ्या’ अशी अट असली की स्वयंपाक, निरोप आणि शुश्रूषा करणाऱ्या यादीतून जातात, कारण त्यांच्या नावावर बंदूक नसते. कधी कमांडर त्यांची बंदूक काढून आपल्या माणसाला देतो. यादी कमांडर देत असेल तर त्याने वगळलेलं नाव कायमचं गेलं. म्हणून नोंदणी बाईने स्वतः, स्त्री कर्मचाऱ्यासमोर करायची, आणि काम काय केलं हे तुकडीतल्या इतरांना विचारून पडताळायचं. छावणीत प्रसूतीची, अत्याचारानंतरच्या उपचाराची आणि मुलं ठेवण्याची सोय पहिल्या दिवसापासून हवी. भत्ता नवऱ्याच्या किंवा भावाच्या हाती न देता तिच्या खात्यात जायला हवा.

आणि जमीन. तिग्रायमधलं शेवटचं मोठं फेरवाटप १९९१ च्या आसपास झालं. त्यानंतर जन्मलेली, आज तिशीच्या आतबाहेर असलेली लढवय्यी गावी परतते तेव्हा तिच्या वाट्याचा तुकडा मुळात निघालेलाच नसतो. तिला बापाच्या नाहीतर नवऱ्याच्या दाखल्यावर राहावं लागतं.